सर्वेक्षणात नाव आहे, विक्री प्रमाणपत्र नाही : पालिकेला माल जप्त करता येतो का?

रानवारा :
माझे वडील बऱ्याच वर्षांपासून वर्दळीच्या रस्त्यालगत हातगाडीवर रुमाल, मोजे, कंगवे असा किरकोळ माल विकतात. फेरीवाला सर्वेक्षणात त्यांचे नाव नोंदले गेले असून रोजच्या शुल्काच्या पावत्याही त्यांनी जपून ठेवल्या आहेत. विक्री प्रमाणपत्र मात्र अद्याप हाती पडलेले नाही. अलीकडेच अतिक्रमण विभागाच्या पथकाने कोणतीही नोटीस न देता गाडी मालासकट उचलून नेली. दंडाची जी पावती दिली, तिच्यावर ‘इतर साहित्य’ एवढेच लिहिले आहे. ही कारवाई कायद्याला धरून आहे का? दुसरे असे की, गुडघ्यांच्या दुखण्यामुळे वडिलांना आता दिवसभर उभे राहणे जमत नाही. मी खासगी नोकरी करतो. पुढे प्रमाणपत्र माझ्या नावावर करून घेऊन गाडी ओळखीच्या माणसाला चालवायला देता येईल का?

नोंदवही :
आपल्या प्रश्नाला लागू होणारा कायदा म्हणजे पथविक्रेता (उपजीविका संरक्षण व पथविक्री विनियमन) अधिनियम, 2014. त्याच्या कलम 3 मध्ये स्पष्ट म्हटले आहे की, सर्वेक्षण पूर्ण होऊन सर्व पथविक्रेत्यांना विक्री प्रमाणपत्रे दिली जाईपर्यंत कोणालाही हटवता किंवा स्थलांतरित करता येणार नाही. प्रमाणपत्र देणे हे पालिका स्तरावरील समितीचे काम असताना, ते दिले नाही म्हणून विक्रेत्यालाच अनधिकृत ठरवणे हा उलटा न्याय झाला.

जप्तीचा क्रमही कायद्याने आखून दिलेला आहे. कलम 18 नुसार आधी 30 दिवसांची नोटीस द्यावी लागते. ती मुदत उलटूनही विक्रेता हटला नाही, तरच कलम 19 खाली माल जप्त करता येतो. त्या वेळी मालाची यादी करून, जप्ती करणाऱ्या अधिकाऱ्याच्या सहीची प्रत विक्रेत्याला दिलीच पाहिजे. ‘इतर साहित्य’ ही यादी नव्हे; त्यातून किती डझन रुमाल गेले आणि किती परत आले, हे कधीच सिद्ध होणार नाही. विक्रेत्याने मागणी करून ठरलेले शुल्क भरले की नाशवंत नसलेला माल दोन कामकाजाच्या दिवसांत आणि नाशवंत माल त्याच दिवशी परत करावा लागतो. तेव्हा आजच लेखी मागणी करा, गेलेल्या मालाची यादी स्वतः जोडा आणि आवक विभागाचा शिक्का असलेली प्रत घ्या. तोंडी सांगून आलात, तर हे दोन दिवस कधी सुरूच होत नाहीत.

पालिका बहुधा आपल्या जुन्या महापालिका अधिनियमातील, विनानोटीस अडथळा हटवण्याच्या अधिकाराकडे बोट दाखवेल. त्यावर कलम 33 वाचून दाखवा : विसंगती असेल तेथे 2014 चा कायदा वरचढ ठरतो.

पादचारी :
वरील माहिती उपयुक्त आहे, परंतु ती एकाच बाजूची आहे. सोदान सिंग खटल्यात 1989 साली सर्वोच्च न्यायालयाने रस्त्यावर व्यवसाय करणे हा अनुच्छेद 19(1)(छ) खालील अधिकार असल्याचे मान्य केले, हे खरेच. पण तो वाजवी निर्बंधांच्या अधीन आहे आणि अमुक एका जागेवर बसण्याचा हक्क त्यातून मिळत नाही, हेही त्याच निकालात आहे. 2014 च्या कायद्याचे कलम 29 हीच भूमिका घेते. व्हीलचेअर जाण्याइतकीही वाट न ठेवता जेव्हा पदपथ व्यापला जातो, तेव्हा चालणाऱ्याने दाद कोणाकडे मागायची? शिवाय गाडी रेल्वेच्या हद्दीत असेल, तर हा कायदा तेथे लागूच होत नाही.

नोंदवही :
@पादचारी, जागेबाबतचे आपले म्हणणे बिनचूक आहे. संरक्षण उपजीविकेला आहे, कोपऱ्याला नाही. पालिका पर्यायी जागा देऊन स्थलांतर करू शकते. माझा आक्षेप स्थलांतराला नसून नोटिशीवाचून केलेल्या उचलेगिरीला आहे. (शब्द कडक आहे, पण यादी न देता नेलेल्या मालाला दुसरे काय म्हणावे, हे मला सुचत नाही.)

वजनकाटा :
संघटनेचे काम केल्यामुळे दुसऱ्या प्रश्नाबद्दल लिहितो. गाडी ओळखीच्या माणसाला चालवायला देण्याचा विचार सोडून द्या. प्रमाणपत्र घेताना विक्रेत्याला हमी द्यावी लागते की धंदा तो स्वतः किंवा कुटुंबातील व्यक्ती करेल, उपजीविकेचे दुसरे साधन नाही आणि प्रमाणपत्र भाड्यानेही कोणाला देणार नाही. या अटी मोडल्या, तर सुनावणी घेऊन प्रमाणपत्र रद्द होऊ शकते. विक्रेता मरण पावला, कायमचा अपंग झाला किंवा आजारी पडला, तर त्याच्या जागी आधी पती किंवा पत्नी आणि नंतर अवलंबून असलेले अपत्य, असा क्रम आहे. आपण नोकरी करता, म्हणजे ‘अवलंबून’ या व्याख्येत बसणे कठीण. आईच्या नावाचा विचार करावा.

पावत्यांबद्दलही एक सांगतो. शुल्काची पावती, किंवा स्वनिधी (पथविक्रेत्यांसाठीच्या केंद्र सरकारच्या योजनेतील) कर्जासाठी मिळालेले शिफारसपत्र, हे विक्री प्रमाणपत्र नव्हे. मात्र वडील तेथे आधीपासून धंदा करत होते, याचा तो पुरावा आहे. म्हणून मूळ पावत्या कोणालाही देऊ नका, छायाप्रतीच द्या.

अर्जाची एक प्रत विक्री प्रमाणपत्रे देणाऱ्या नगर पथविक्रेता समितीलाही पाठवा. तिचे अध्यक्ष आयुक्त किंवा मुख्याधिकारी असतात, पण किमान 40 टक्के सदस्य विक्रेत्यांनी निवडून दिलेले आणि त्यांतील एक तृतीयांश महिला असाव्या लागतात. आपल्या शहरात ही निवडणूक झाली आहे का, ते आधी तपासा. समिती कागदावरच असेल, तर कलम 20 खालील तक्रार निवारण समितीकडे जावे. तिच्या अध्यक्षपदी माजी दिवाणी न्यायाधीश किंवा न्यायदंडाधिकारी असणे आवश्यक आहे.

रानवारा :
सर्वांचे आभार. गाडी रेल्वेच्या हद्दीत नाही, पालिकेच्याच रस्त्यावर उभी असते. आईचे नाव आताच अर्जात घालावे की प्रमाणपत्र वडिलांच्या नावे निघाल्यावर?

वजनकाटा :
आधी वडिलांच्या नावे निघू द्या, कारण सर्वेक्षणातील नोंद त्यांची आहे. तोपर्यंत आईने गाडीवर उभे राहण्यास हरकत नाही. बदलाच्या अर्जासोबत वडिलांच्या दुखण्याचे वैद्यकीय प्रमाणपत्र जोडावे.