सेलेस्ट, पहिला चॅप्टर: १८/२० वर अडकलोय, दोन स्ट्रॉबेऱ्या सापडेनात (मदत हवी आहे, पण थेट उत्तर नको)

रातराणी

नमस्कार मंडळी. या विभागात पहिल्यांदाच लिहितेय, त्यामुळे चूकभूल द्यावी घ्यावी.

माझ्या भावाने त्याचा जुना निन्टेंडो स्विच (गेम खेळायचं यंत्र) आमच्या घरी दिला, त्यात सेलेस्ट नावाचा गेम आहे. मॅडलीन नावाची मुलगी एक डोंगर चढते, बस्स, एवढीच गोष्ट. पहिला चॅप्टर म्हणजे डोंगराच्या पायथ्याचं ओसाड शहर. पडक्या इमारती, सगळीकडे बर्फ, आणि खिळेच खिळे. लेक दहा वर्षांचा आहे, तो अर्धा वेळ खेळतो आणि अर्धा वेळ माझ्या चुका काढतो. चॅप्टर पूर्ण झाला, पण त्यातल्या २० स्ट्रॉबेऱ्यांपैकी १८ मिळाल्यात आणि चिरंजीव पुढे जाऊ देत नाहीत. त्याला कुठलीही गोष्ट अर्धवट सोडलेली चालत नाही (गृहपाठ सोडून).

व्हिडिओ बघायचा नाही अशी अट आहे. "मग ते आपण शोधलं असं थोडंच होतं?" हा त्याचा प्रश्न, आणि मला उत्तर सुचलं नाही. म्हणून इथे विचारतेय. कृपया जागा सांगू नका, कसं शोधायचं ते सांगा.

अडचणी अशा:

पहिली, कुठल्या भागातल्या राहिल्यात हेच कळत नाही. तीन संध्याकाळी सुरुवातीपासून शेवटपर्यंत फिरलो.

दुसरी, एका स्ट्रॉबेरीला पंख आहेत. ती शेवटी मिळाली, पण कशी ते दोघांनाही माहीत नाही. पुढच्या चॅप्टरमध्ये अशा असतील तर काय करायचं?

तिसरी आणि महत्त्वाची. एक स्ट्रॉबेरी आम्ही नक्की घेतली होती. ती मॅडलीनच्या मागे मागे उडत येताना मी या डोळ्यांनी पाहिली. पण आकडा १८ चाच राहिला. गेममध्ये गडबड आहे का?

पायरीवरचा_पक्या

यूट्यूबवर टाका, दोन मिनिटांत मिळेल. कशाला डोक्याला ताप.

रातराणी

पक्या, वरचा तिसरा परिच्छेद पुन्हा वाचा बरं.

खडूचा_डबा

ताई, स्वागत. हा गेम मी जरा जास्तच खेळलोय, त्यामुळे लांबण लावणार आहे, आधीच माफी.

पहिल्या प्रश्नाचं उत्तर गेममध्येच आहे. तुम्ही चॅप्टर एकदा पूर्ण केलाय म्हणता. आता तो उघडून पॉज करा आणि पडद्याच्या तळाशी बघा. ठिपक्यांची एक ओळ दिसेल, मध्ये उभ्या रेघा. एक ठिपका म्हणजे एक स्ट्रॉबेरी, आणि रेघ म्हणजे चेकपॉइंट (जिथून पुन्हा सुरू करता येतं ती जागा). या चॅप्टरचे तीन भाग आहेत: सुरुवात, मग क्रॉसिंग, मग कॅझम. त्यांत अनुक्रमे ६, ९ आणि ५ स्ट्रॉबेऱ्या. घेतलेल्यांचे ठिपके रंगीत असतात, राहिलेल्यांचे काळपट. चॅप्टर पूर्ण होईपर्यंत ही ओळ दिसतच नाही, म्हणून पुष्कळांना ती असल्याचंच माहीत नसतं.

बघा आणि सांगा. मग पुढचं बोलू.

रातराणी

अहो हे इतके दिवस समोर होतं! पहिला गट पूर्ण. दुसऱ्या गटात एक रिकामा, तिसऱ्या गटात एक रिकामा.

खडूचा_डबा

छान. म्हणजे सुरुवातीचा भाग विसरा. चॅप्टर निवडायच्या पडद्यावरून थेट क्रॉसिंगपासून किंवा कॅझमपासून सुरू करता येतं. स्ट्रॉबेरी मिळाली की तिथल्या तिथे नोंद होते, चॅप्टर पुन्हा संपवावा लागत नाही. घेतली, पॉज, नकाशावर परत. झालं.

दुसरी खूण: घेतलेली स्ट्रॉबेरी पुन्हा त्या जागी गेलात तर निळसर, आरपार दिसते. लाल दिसली तर समजा ती राहिलीय.

आता शोधायचं कसं. या गेममध्ये एक एक खोली असते आणि कॅमेरा त्या खोलीच्या बाहेर जात नाही. त्यामुळे लपवायला जागा एकच: खोलीची कड. आपण डावीकडून येतो आणि उजवीकडे बाहेर पडतो, डोळ्यांना तीच सवय लागते. प्रत्येक खोलीत शिरल्यावर दहा सेकंद नुसतं उभं राहा आणि चारही कडा बघा. छतात जिथे ना दगड आहे ना खिळे, नुसतं मोकळं आभाळ आहे, तिथे वर काहीतरी असण्याची शक्यता भरपूर. क्रॉसिंगबद्दल इतकंच म्हणेन की मान वर करून चाला.

खाली मात्र जपून. तळाशी दुसरी खोली नसेल तर सरळ मरण. अर्थात मरणाला इथे किंमत नाही, लगेच त्याच खोलीच्या तोंडाशी उभं करतात.

आणि एक. समोर स्ट्रॉबेरी दिसतेय पण पोहोचता येत नाही असं झालं, तर पुढच्या खोलीत जाऊन उलट्या दिशेने या. बरेचदा वाट पलीकडूनच असते.

बर्फातला_वैदर्भी

डबा भाऊंनी सगळं सांगून टाकलं, आमच्यासाठी काही ठेवलंच नाही.

मी तिसऱ्या प्रश्नाचं घेतो, कारण याच्यापायी मी एकदा रिमोट सोफ्यावर आपटला होता (सोफ्यावरच, हं). गडबड काही नाही ताई. स्ट्रॉबेरीला हात लागला म्हणजे ती तुमची झाली असं नाही. ती मागे मागे येते, आणि मॅडलीनचे पाय पक्क्या जमिनीवर टेकले की मगच मोजली जाते. त्याआधी मेलात तर ती गेली परत आपल्या जागेवर. तोंडाशी आलेला घास.

पक्क्या म्हणजे खरंच पक्क्या. भिंतीला धरून लटकलात तर चालत नाही. पाय ठेवला की ढासळतात त्या फळ्यांवर चालत नाही. रुळावरून सुसाट जाणाऱ्या त्या ठोकळ्यांवरही नाही. मी अशाच ढासळत्या फळीवर उभा राहून "घेतली!" म्हणून ओरडलो होतो, आणि पुढच्याच उडीत खिळ्यांवर.

बाकी गेम व्हँकुव्हरच्या मंडळींनी केलाय, २०१८ सालच्या जानेवारीत आला. मी तिथून दीड तासावर राहतो. बर्फ उकरून गाडी बाहेर काढायची आणि मग घरी येऊन पुन्हा बर्फातच मरायचं, असं आमचं चाललंय.

रातराणी

ढासळती फळी!! तीच. अगदी तीच. लेक म्हणतोय, "मी सांगत होतो ना की तू खाली टेकलीच नव्हतीस." त्याने असं काहीही सांगितलं नव्हतं.

चकलीचा_सोऱ्या

पंखवाल्यांचं कोणीच सांगितलं नाही, म्हणून मी. त्या खोलीत असताना तुम्ही डॅश (एका दिशेला झटक्यात घेतलेली झेप) मारला की ती घाबरून उडून जाते. म्हणजे तिच्यापर्यंत फक्त उड्या मारून आणि भिंत चढून पोहोचायचं. तुम्हाला "कशी मिळाली ते माहीत नाही" म्हणजे त्या वेळी तुम्ही चुकून डॅश मारला नसणार. उडाली तर पॉज करून रिट्राय करा, खोली नव्याने सुरू होते आणि ती परत आलेली असते.

केसांकडे लक्ष ठेवायला शिकवा मुलाला. लाल केस म्हणजे डॅश शिल्लक, निळे म्हणजे संपला. जमिनीला पाय लागले की परत लाल.

भिंत चढताना दम संपतो हे लक्षात आलंच असेल, ती लाल चमकायला लागते. पण दोन भिंतींच्या मध्ये या बाजूने त्या बाजूला उड्या मारत गेलात तर दम खर्च होत नाही. नुसतं धरून वर सरकत राहिलात की होतो.

रातराणी

हे भिंतींचं माहीत नव्हतं! धन्यवाद सोऱ्या (काय नाव आहे!).

अपडेट: १९/२०. फळीवाली मिळाली. या वेळी जमिनीवर उतरल्यावर दोघंही हात वर करून पुतळ्यासारखे उभे राहिलो, आकडा बदलेपर्यंत.

क्रॉसिंगमधली अजून नाही. पण मान वर करून चालताना भलतंच काहीतरी सापडलं. एक मोठी डिश अँटेना आहे, एका पडद्यावर रंग चमकतात आणि जवळ गेलं की रंगीत पक्षी उडतात. हे काय प्रकरण आहे? स्ट्रॉबेरीशी संबंध आहे का?

पायरीवरचा_पक्या

ते कोडं आहे. डॅश मारा: वर, डावीकडे, खाली उजवीकडे, वर उजवीकडे, डावीकडे, वर डावीकडे. हार्ट मिळेल.

खडूचा_डबा

पक्या!!! अरे बाबा, धाग्याचं शीर्षक तरी वाच.

पायरीवरचा_पक्या

विचारलं म्हणून सांगितलं. मदतच केली ना?

बर्फातला_वैदर्भी

ही म्हणजे शेजाऱ्याने येऊन शब्दकोडं पेनाने भरून जाण्यासारखी मदत झाली.

रातराणी

भांडू नका हो. मी वाचलं, पण लेकाला दाखवलं नाही. त्याला काय सांगू? वळणावळणाने सांगता येईल असं काहीतरी द्या.

खडूचा_डबा

त्याला एक कागद आणि रंगीत खडू द्या. आधी पडद्यावर रंग कुठल्या क्रमाने येतात ते उतरवून घे म्हणावं. मग कुठल्या रंगाचा पक्षी कुठल्या दिशेला झेप घेतो ते त्याच्यापुढे बाणाने काढ. बाकी त्याचं त्याला कळेल, दहा वर्षांच्या पोराला आपल्याआधी कळतं. डॅशच्या मध्ये जमिनीवर उतरलं तरी चालतं. एखादी दिशा चुकली तर खोलीबाहेर जायची गरज नाही, शेवटच्या सहा झेपा बरोबर आल्या की झालं.

हार्ट ही स्ट्रॉबेरीपेक्षा वेगळी वस्तू, २० मध्ये धरत नाहीत. पण तिथपर्यंत पोहोचलाच आहात तर ती खोली नीट बघा, इतकंच सुचवतो. नुसत्या पक्ष्यांकडे बघत बसू नका.

चकलीचा_सोऱ्या

आणि एखादी दिसतेय पण बोटांना जमतच नाहीये असं असेल तर गेममध्ये असिस्ट मोड आहे. खेळाचा वेग निम्म्यापर्यंत कमी करता येतो. त्यातही स्ट्रॉबेरी मोजली जाते. मी चाळिशीनंतर हा गेम हातात घेतला, बोटं आता पूर्वीसारखी चालत नाहीत, आणि मला त्यात काडीचाही कमीपणा वाटत नाही.

तसंही गेमच सुरुवातीला सांगतो की या स्ट्रॉबेऱ्यांचा मित्रांवर छाप पाडण्यापलीकडे फारसा उपयोग नाही. आपण सगळे तरीही शोधतोच.

पायरीवरचा_पक्या

उपयोग नाही तर कशाला शोधता?

चकलीचा_सोऱ्या

तू किती घेतल्यास?

पायरीवरचा_पक्या

१७५.

बर्फातला_वैदर्भी

😂 अख्ख्या गेममधल्या सगळ्या! आणि वर विचारतोय कशाला शोधता.

रातराणी

२०/२०!!

काल रात्री साडेदहा वाजता. मी स्वयंपाकघर आवरत होते आणि आतून "आई, लाल आहे, लाल आहे, निळी नाही!" अशी आरोळी. धावत गेले. डबा म्हणाले ते खरं, आम्ही त्या खोलीत नुसते पक्ष्यांकडे बघत बसलो होतो. मग त्याने मला हात लावू दिला नाही, एकट्याने घेतली, पाय टेकवून उभा राहिला, आणि आकडा बदलल्यावर काही न बोलता माझ्याकडे वळून बघितलं.

पक्ष्यांचं कोडंही सुटलं, पण त्याला दोन दिवस लागले. पडद्यावरचे पांढरा आणि पिवळा हे रंग तो एकच समजत होता, आमचा टीव्ही जुना आहे. कागद फ्रीजवर लावलाय.

सगळ्यांचे आभार. पक्या, तुमचेही, तुम्ही सांगितलेल्या दिशांवरून त्याचे बाण मी गुपचूप तपासत होते.

दुसऱ्या चॅप्टरमध्ये १८ स्ट्रॉबेऱ्या आहेत, त्यातल्या चार झाल्यात, आणि मॅडलीनसारखीच दिसणारी एक जांभळी बाई हात धुऊन आमच्या मागे लागलीय. नवीन धागा काढू की इथेच लिहू?

पायरीवरचा_पक्या

इथेच लिहा. या वेळी उत्तर सांगणार नाही. विचारल्याशिवाय.