मदत हवी आहे: व्हीटावर पीएसपीचे जुने सेव्ह लोड होत नाहीत

मंडळी, प्लेस्टेशन व्हीटावर (सोनीचा हातात धरायचा गेम कन्सोल; ओलेड मॉडेल, ३.६५ फर्मवेअर, एन्सो हॅक केलेला) अ‍ॅड्रेनलिन, म्हणजे त्याच्या आधीच्या पीएसपी कन्सोलचे गेम चालवणारं सॉफ्टवेअर, टाकलंय. माझ्याच यूएमडी (पीएसपीच्या छोट्या) डिस्क पीएसपीवर डंप करून, म्हणजे त्यांच्या आयएसओ फाइली (डिस्कची पूर्ण प्रत) बनवून, आयएसओ फोल्डरात ठेवल्या, गेम झकास चालतात. पीएसपीचा पडदा ४८० बाय २७२, व्हीटाचा ९६० बाय ५४४. बरोबर दुप्पट, त्यामुळे चित्र अजिबात ओढाताण न होता बसतं.

घोडं अडलंय सेव्हपाशी. धाकट्या भावाने शाळेत असताना खेळलेला एक गेम मला पुढे न्यायचाय. मेमरी स्टिकवरचा सेव्हडेटा फोल्डर कॉपी केला. अ‍ॅड्रेनलिनच्या मेनूत सेव्ह चित्रासकट, तारखेसकट दिसतो; गेममध्ये ‘लोड’ केलं की यादी रिकामी.

फोल्डरचं नाव यूएलईएसने सुरू होतं, म्हणजे युरोपची आवृत्ती. ती डिस्क हरवली. हाताशी आहे ती अमेरिकेची, यूएलयूएस; बहुधा म्हणूनच तिला हा सेव्ह दिसत नाही. नुसतं फोल्डरचं नाव बदलून भागणार नाही, कारण सेव्ह एन्क्रिप्ट केलेला (सांकेतिक रूपात कुलूपबंद) असतो.

सेव्हगेम डीमर (सेव्हची कुलूप काढलेली, डिक्रिप्ट केलेली प्रत बनवणारं) प्लगइन अ‍ॅड्रेनलिनमध्ये कुणी वापरलंय का? की डिक्रिप्ट करायचं काम जुन्या पीएसपीवरच उरकावं? आयएसओ किंवा सेव्हच्या लिंका नकोत, फक्त पद्धत सांगा. मूळ सेव्हची प्रत कॉम्प्युटरवर जपून ठेवली आहे.