शब्दचर्चा: युजेनिक्सला मराठीत नेमकं काय म्हणायचं?

धागाकर्ती:
एका लेखाचं भाषांतर करतेय, त्यात युजेनिक्स (कुणाला मुलं व्हावीत, कुणाला नकोत हे ठरवून पुढची पिढी 'सुधारण्याचा' विचार) हा शब्द पानापानाला येतो. मी सरळ सुप्रजननशास्त्र लिहिलं, तर संपादक म्हणतात हे वाचून लोकांना गर्भसंस्काराच्या क्लासची जाहिरात वाटेल, त्यापेक्षा वंशशुद्धी लिहा. मला ते पटत नाहीये पण का पटत नाही ते नीट सांगता येईना. बोला मंडळी.

प्रतिसाद:
संपादकांचं बरोबर आहे की. जर्मनीत १९३३ च्या जुलैत कायदा झाला आणि पुढे सुमारे चार लाख लोकांची जबरदस्तीने नसबंदी केली, असल्या गोष्टीला 'सु' कसला लावताय? वंशशुद्धी लिहा नि मोकळ्या व्हा.

प्रतिसाद:
अहो पण मग स्वीडनचं काय करणार? तिथे १९३४ चा कायदा, तो चालला १९७५ पर्यंत, त्रेसष्ट हजारांच्या आसपास लोक, त्यात बहुतेक बायका, आणि ह्यातला बराचसा काळ सत्तेवर कोण तर सोशल डेमोक्रॅट, म्हणजे ज्यांच्या कल्याणकारी राज्याचे गोडवे आपण अजून गातो ते. वंशाची भाषा तिथेही होतीच, उप्सालाला १९२२ पासून सरकारी वंशजीवशास्त्र संस्था होती, पण शस्त्रक्रियेच्या टेबलावर गेल्या त्या गरीब, 'बेशिस्त', 'नीट संसार न करणाऱ्या' बायका, आणि त्या स्वीडिशच होत्या हो. सगळ्यांना सरकार पोसणार तर जन्माला कोण येणार हेही सरकारच बघणार, असा तो हिशेब. अमेरिकेत तर इंडियानाने १९०७ लाच कायदा केला होता. वंशशुद्धी लिहिलंत की हे सगळे सुटले, एकटा हिटलर अडकला.

प्रतिसाद:
+१. आणि रशिया कुणीच कसा काढला नाही अजून? मला ह्या विषयातला सगळ्यात इंटरेस्टिंग माणूस वाटतो तो हर्मन मुलर, क्ष-किरणांनी जनुकांत बदल होतात हे दाखवणारा, त्यासाठी १९४६ चं नोबेल मिळालेला. पक्का डावा. अमेरिका सोडून सोव्हिएत रशियात जाऊन राहिला आणि १९३६ मध्ये त्याने थेट स्टालिनला पत्र लिहिलं, की थोर पुरुषांचं वीर्य वापरून कृत्रिम गर्भधारणा करू, भांडवलशाहीत हे जमणार नाही कारण तिथे श्रीमंत म्हणजेच लायक असं समजतात, समाजवादातच खरी गुणवत्ता दिसते. स्टालिनला ते अजिबात रुचलं नाही. तिकडे लायसेंको नावाच्या शेतीतज्ज्ञाचं प्रस्थ वाढत होतं, त्याचं म्हणणं परिस्थिती बदला की गहूही बदलतो आणि तो बदल पुढच्या पिढीत उतरतो, हे पक्षाला ऐकायला गोड, कारण मग माणूसही घडवता येतो, जनुकं बिनुकं आड येत नाहीत. मुलर १९३७ ला तिथून सटकला. जनुकशास्त्राच्या बाजूचा निकोलाय वाविलोव्ह सटकला नाही, त्याला १९४० ला पकडलं आणि १९४३ ला तो सारातोव्हच्या तुरुंगात उपासमारीने मेला. जगभरातून पिकांचं बियाणं गोळा करणारा माणूस!! १९४८ ला तर तिथे जनुकशास्त्रावरच अधिकृत बंदी आली.
आता शब्दाच्या दृष्टीने गंमत बघा. मुलरने केलेल्या थोर पुरुषांच्या आधीच्या यादीत लेनिन आणि मार्क्स होते, रशियाचा अनुभव घेतल्यानंतरच्या यादीत ते दोघे गळाले आणि लिंकन, आइनस्टाइन आले. माणूस तोच, शास्त्र तेच. 'सु'ची यादी तेवढी बदलली. म्हणून मी तर म्हणतो तो 'सु' ठेवाच, सगळी लबाडी त्यातच आहे, इंग्रज शास्त्रज्ञ गाल्टनने १८८३ ला ग्रीकमधून युजेनिक्स शब्द घडवला तेव्हाही 'चांगला' हेच त्यातलं मुख्य होतं.

प्रतिसाद:
आपल्याकडे सुप्रजा शब्द जुना आहे, 'कौसल्या सुप्रजा राम' पहाटे पहाटे ऐकतोच की आपण. पण तिथे ते कौसल्येचं विशेषण आहे, मूल झाल्यावर, त्याला बघून केलेलं कौतुक. आधी ठरवून पैदास करण्याचा त्यात काही संबंध नाही. तो अर्थ आपल्याकडे विसाव्या शतकात चिकटला, ना. सी. फडक्यांनी १९२७ ला इंग्रजीत अख्खं पुस्तक लिहून भारतात युजेनिक्सची चळवळ हवी असं मांडलं होतं. कादंबऱ्यावाले फडके, हो तेच.

प्रतिसाद:
माझं मत, शास्त्र काढा. सुप्रजननवाद म्हणा. शास्त्र नव्हतंच ते, राजकारण होतं.

प्रतिसाद:
इथे मात्र कडाडून विरोध. वाद म्हटलं की विज्ञान हात झटकून मोकळं होतं. बर्लिनच्या ज्या संस्थेच्या नावातच युजेनिक्स होतं तिचा प्रमुख ऑयगन फिशर हा काही चौकातला पुढारी नव्हता, १९३३ ला बर्लिन विद्यापीठाचा रेक्टर झालेला प्रोफेसर होता. आणि त्याच्याच हाताखाली आपल्या इरावती कर्वे पीएचडी करत होत्या, १९२८ च्या सुमारास गेल्या होत्या. विषय कवटीच्या दोन बाजूंतला फरक. साहेबांना हवं होतं की युरोपीय कवट्या वेगळ्या निघाव्यात म्हणजे त्यांची बुद्धी वरचढ ठरेल, बाईंनी मापं घेतली आणि वंशाशी त्याचा काही संबंध लागत नाही असं लिहून दिलं, गाईडला तोंडावर. म्हणजे त्या काळच्या शास्त्राच्या पद्धतीनेच हे खोटं ठरवता येत होतं, ज्यांनी ठरवलं नाही त्यांनी ते न ठरवणं पत्करलं. म्हणून शास्त्रच लिहा.

धागाकर्ती:
हे मला पटलं. सुप्रजननशास्त्र ठेवते, पहिल्यांदा येईल तिथे कंसात युजेनिक्स, आणि चळवळीबद्दल असेल तिथे सुप्रजननवादी. संपादकांना हाच धागा पाठवते, ओरडले तर तुमच्यावर. आता दुसरी अडचण, फीबल-माइंडेड ला काय? मंदबुद्धी लिहिताना हात थबकतो, आजकाल कुणी तसं म्हणत नाही. बौद्धिक अक्षमता लिहू?

प्रतिसाद:
नको, तो आजचा सभ्य आणि निदान असलेला शब्द आहे, तेव्हाच्यांना फुकट सभ्यता मिळेल. व्हर्जिनियातल्या कॅरी बकला हाच शिक्का मारून १९२७ ला नसबंदी केली, सुप्रीम कोर्टाच्या परवानगीने. तिला काही आजार नव्हता, बलात्कारातून लग्नाआधी मूल झालं एवढाच गुन्हा, आणि त्या मुलीलाही बेअक्कल ठरवलेलं, तीच पुढे शाळेत गुणवंतांच्या यादीत आली. तेव्हा मंदबुद्धीच लिहा, पण दर वेळी अवतरणात.