‘क्लाउड चेंबर’ परत मिळालेला नाही

रीळ_सोळा: ‘अकबर पदमसींचा हरवलेला चित्रपट अखेर परत मिळाला’ ही कालची पोस्ट वाचून डोकं फिरलं. चित्रकार पदमसींच्या १९६९च्या ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ची एकच १६ मिमी प्रिंट होती. दिल्लीच्या प्रदर्शनाला गेली ती गेलीच. २०१६ साली दिग्दर्शक आशिम अहलुवालियांनी पदमसींना सोबत घेऊन केलं ते नवं काम, आणि चांगलं काम. पण त्याला ‘परत मिळाला’ म्हणायला लागलात की जुनी गोदामं कोण धुंडाळणार?

पडदानशीन: आणि धुंडाळून सापडणार काय? पन्नास वर्षं घामट हवेत पडलेलं ॲसिटेट, म्हणजे फिल्मची प्लास्टिकची पट्टी! पदमसी २०२० साली गेले. त्याआधी कुणी त्यांच्याकडून तो चित्रपट करायची पद्धत काढून घेतली हे महत्त्वाचं. फ्रेम गेल्या, कृती तरी वाचली. आता उरलेल्या रिळांचं स्कॅन करा आणि पुढे चला.

व्हिनेगर: ‘स्कॅन करा आणि पुढे चला’ या एका वाक्यापायी किती रिळं भंगारात गेली! पदमसींच्याच ‘सिझिजी’सारखी ११ मिनिटांची फिल्म म्हणजे १५,८४० फ्रेम. २के डीपीएक्समध्ये (प्रत्येक फ्रेमची वेगळी फाइल ठेवणारं स्कॅन) साधारण २०० जीबी. त्याच्या तीन प्रती, दर वर्षी चेकसम (फाइल बिघडली नाही ना याची तपासणी), काही वर्षांनी नव्या डिस्कवर हलवणं, हे कोण करतं? मूळ रीळ ठेवायलाच हवं.

पडदानशीन: ठेवा की. फ्रीजमध्ये टाका, झालं.

व्हिनेगर: अहो, असले सल्ले देऊ नका! उघडा डबा फ्रीजमध्ये टाकला तर बाहेर काढताच पाणी धरतो, ज्यावर चित्र असतं ते जिलेटिन चिकटतं आणि उलगडताना चित्रच सोलून निघतं. आधी डब्यात ए-डी पट्टी (आम्ल लागलं की रंग बदलणारा कागद) ठेवून २४ तास थांबा. निळी राहिली तर ठीक. हिरवट झाली तर आम्ल सुटलंय, पिवळी झाली तर आधी स्कॅन, बाकी सगळं नंतर. गंजका पत्र्याचा डबा फेका, पॉलिप्रॉपिलिनचा घ्या. थंडीत ठेवायचं तर दोन सीलबंद पिशव्यांत, आणि काढल्यावर दिवसभर पिशवी उघडायची नाही. आंबट वासाचं रीळ इतरांपासून वेगळं ठेवा, त्याची वाफ शेजारच्या डब्यांनाही लागते.

खिळा_मोळा: एक टक्का आकसलेलं रीळ कुणी प्रोजेक्टरवर चढवू नये, हेही लिहा. दाते भोकांत बसत नाहीत, कडा फाटत जातात. दातेविरहित स्कॅनरच लागतो. लोक ‘एकदा चालवून बघू’ म्हणतात आणि तिथेच संपतं सगळं.

रीळ_सोळा: विषय कुठे गेला? मूळ शोधायचं की नाही, एवढं सांगा.

पडदानशीन: शोधा. ‘परत मिळाला’ हा शब्द चुकला, घ्या. पण सापडलेली प्रिंट रंग उडून गुलाबी पडलेली निघाली तर रंग कशावरून लावाल? स्टेन्सिल आणि रंगीत प्रकाशाबद्दल पदमसींनी सांगितलंय त्यावरूनच ना?

रीळ_सोळा: त्यांच्या सांगण्यावरून, हो. २०१६च्या चित्रपटातले रंग उचलून मुळीच नाही.

खिळा_मोळा: शोधणाऱ्यांसाठी: २४ फ्रेमच्या वेगाने १६ मिमी मिनिटाला ३६ फूट जाते. म्हणजे चारशे फुटी डब्यात अकरा मिनिटांपर्यंतची फिल्म मावते, ते डबे आधी बघा. लेबल नसेल तर फिल्मच्या कडेवरची कोडॅकची खूण भिंगाखाली बघा. चौकोन, त्रिकोण, गोल यांवरून कच्च्या फिल्मचं साल कळतं. मात्र त्या काळात त्या खुणा वीस वर्षांनी पुन्हा येत, तेव्हा १९४९ आणि १९६९ यांत घोळ घालू नका.