रे चार्ल्सचं खरं धाडस कुठलं, १९५४चं की १९६२चं?

धागाकर्ता : अमेरिकन गायक-पियानोवादक रे चार्ल्सचं नाव निघालं की सगळे अटलांटिक या रेकॉर्ड कंपनीतल्या वर्षांचे गोडवे गातात. मला विचाराल तर त्याचं सगळ्यात मोठं काम १९६२चं, ‘मॉडर्न साउंड्स इन कंट्री अँड वेस्टर्न म्युझिक’ हा अल्बम. वर्णभेदाच्या काळात, गोऱ्यांचं समजलं जाणारं कंट्री संगीत एका काळ्या गायकाने गायलं आणि अल्बम १४ आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिला. त्यातलं, मूळ कंट्री गायक डॉन गिब्सनचं ‘आय कान्ट स्टॉप लव्हिंग यू’ नीट ऐका. शीर्षकाची ओळ कोरस म्हणतो, रे तिला उत्तर देतो, पुढे कोरसला ‘गा पोरांनो’ अशी हाकही घालतो. ही सवाल-जवाबाची रीत काळ्यांच्या चर्चमधल्या भक्तिगीतांची. अख्खं चर्च त्याने कंट्रीत आणून बसवलंय!

तालवेडा : साफ असहमत. चर्च बाहेर आणलं ते १९५४ साली, अटलांटातल्या एका रेडिओ स्टेशनच्या स्टुडिओत. ‘आय गॉट अ वुमन’ची चाल सदर्न टोन्स या गायकवृंदाच्या भक्तिगीतावरून घेतलेली. देवाच्या जागी बाई आली. धार्मिक लोक तर भडकलेच, पण बिग बिल ब्रून्झीसारख्या मुरलेल्या ब्लूज गायकालाही ही सरमिसळ पटली नाही. भक्तिगीत आणि ब्लूजच्या मिश्रणातून आलेल्या सोल संगीताचा पाया तिथे पडला. १९६२ला नाव होतं, पैसा होता, एबीसी-पॅरामाउंट या नव्या कंपनीने मास्टर टेपांची, म्हणजे मूळ रेकॉर्डिंगांची मालकीसुद्धा दिली होती. मग धोका कसला? वर त्या व्हायोलिनांचा गुळगुळीत लेप.

पियानोप्रेमी : कंट्री त्याला नवं नव्हतंच. फ्लोरिडात पोरगेल्या वयात तो गोऱ्यांच्या एका कंट्री बँडमध्ये पियानो वाजवायचा. कंट्री गायक हँक स्नोचं ‘आयॅम मूव्हिंग ऑन’ही त्याने १९५९ला, अटलांटिकमध्ये असतानाच केलं.

धागाकर्ता : @तालवेडा, धोका होताच. आहेत ते श्रोतेही हातचे जातील, अशी कंपनीलाच धास्ती होती. आणि मास्टरची मालकी त्याने स्वतः मागून घेतली. त्या काळात किती काळ्या कलाकारांना ती मिळाली? राहिला गुळगुळीतपणा. त्याच वर्षी आलेल्या अल्बमच्या दुसऱ्या भागातलं ‘यू आर माय सनशाइन’ ऐका. त्याच्या साथीची गायिका मार्जी हेंड्रिक्स अशी तुटून पडते की लेपबिप विसरून जाल.

तालवेडा : मार्जीबद्दल दुमत नाहीच. पण तीच मार्जी १९५८च्या ‘नाइट टाइम इज द राइट टाइम’मध्ये ऐका. एकच शब्द घसा फाडून पुन्हा पुन्हा म्हणते, अंगावर काटा येतो. ते रेकॉर्डिंग अटलांटिकचं.