सिनेमातलं व्यसन आणि आपल्या घरातलं माणूस : अनुभव लिहा

पणजी :
कोविडमुळे पुढे गेलेला इफ्फी, आपल्या गोव्यातला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, २०२१ च्या जानेवारीत 'अनदर राउंड'ने सुरू झाला होता. मी ती फिल्म नंतर घरी बघितली, दादाच्या शेजारी बसून. चार मास्तर रक्तातली दारू कायम ०.०५ टक्क्यांवर ठेवायचं ठरवतात तेव्हा दादा हसत होता, त्यातला पीटीचा मास्तर बोट घेऊन समुद्रात जातो तिथे मात्र उठून गॅलरीत गेला. दारूवरनं आम्ही नेहमी भांडतच आलो, त्या रात्री पहिल्यांदा बोललो. म्हणाला, प्यायल्यावर मी मला आवडतो गं. ते माझ्या डोक्यातनं जात नाही. तुमच्याकडे असं झालंय का, सिनेमामुळे घरातलं माणूस वेगळं दिसलं, किंवा आपण स्वतः? लिहा प्लीज.

डिचोली :
मी स्वतः. सात वर्षं पीत होतो, हुर्राकचा, म्हणजे काजूच्या दारूचा सीझन आला की मार्च ते मे दिवस की रात्र तेच कळायचं नाही. सोडून चार वर्षं झाली. मित्राने 'ऑस्लो, ऑगस्ट ३१' दिली, योआकिम ट्रियरची, २०११ ची. ३४ वर्षांचा आंदर्स व्यसनमुक्ती केंद्रातून एका दिवसासाठी बाहेर येतो, नोकरीचा इंटरव्ह्यू असतो, समोरचा विचारतो मधल्या वर्षांत काय केलंत, हा खरं सांगतो आणि मग आपणच बायोडेटा परत घेऊन निघून जातो. मी तिथे पॉज केलं. तसल्याच खुर्चीत मी वेर्ण्याला बसलो होतो आणि घरी अडचण होती म्हणून खोटं सांगितलं होतं. पुढे तो कॅफेत एकटाच बसून आजूबाजूच्यांचं बोलणं ऐकतो, एक मुलगी आयुष्यात काय काय करायचंय त्याची यादी वाचत असते. बाकी काही घडत नाही, पण मला सगळ्यात खरं तेच वाटलं. दारू सोडली की सगळे पाठ थोपटतात, पण सकाळी अकरा वाजता करायचं काय ते कोण सांगत नाही. नुकतंच सोडलेल्याने ही फिल्म एकट्याने बघू नये, हे मनापासून सांगतो.

फोंडा :
'रेक्विएम फॉर अ ड्रीम'. सगळे त्यातल्या मुलाबद्दल बोलतात, मला आई दिसली. टीव्हीवर जायचं, लाल ड्रेस अंगात बसला पाहिजे म्हणून वजनाच्या गोळ्या घेणारी. ते फटाफट कट्स मला जरा अतीच वाटले, पण त्या बाईचं एकटेपण खरं. बाबा गेल्यावर माझी आई झोपेच्या गोळ्यांवर होती, डॉक्टरने दिलेल्या म्हणून आम्ही त्याला व्यसन म्हटलंच नाही.

पेडणे :
नाटकाचं सांगितलं तर चालेल ना? माझे बाबा जत्रेत 'एकच प्याला'तला सुधाकर करायचे, आणि घरीही प्यायचे. सुधाकर वकिलीची सनद गेल्यावर पहिला प्याला घेतो, त्याला कारण आहे. बाबांचं कारण आम्ही भावंडं वीस वर्षं शोधत राहिलो, शेतात, नोकरीत, आईच्या स्वभावातसुद्धा. काल रात्री वरची ऑस्लोवाली बघितली. आंदर्स चांगल्या घरचा, शिकलेला, जीव लावणारे मित्र आहेत, आणि तो असा का झाला ते फिल्म सांगतच नाही. बघून झाल्यावर आईला फोन केला, तुझं काही चुकलं नव्हतं म्हटलं.

पणजी :
डिचोलीचे भाऊ, सकाळी अकराला तुम्ही आता काय करता?

डिचोली :
पहिलं वर्ष नुसता बसायचो. आता कुळागरात, म्हणजे माडा-पोफळीच्या बागेत असतो, पाटाचं पाणी फिरवायला. तुमच्या दादाला पाठवा एखाद्या रविवारी.