इंटिमेट सीन ठेवायचा की आधीच कापायचा?

रिळबाज:
मंडळी, पहिलीच फुल लेंग्थ फिल्म एडिटवर आहे, पैसे मित्रांचे आणि थोडं कर्ज. नवराबायकोचा एक सीन आहे, दिसते फक्त उघडी पाठ, पण श्वासांच्या आवाजामुळे तो फार अंगावर येतो असं एडिटर म्हणतोय. प्रोड्यूसरची तर तंतरलीय, म्हणे काढूनच टाक नाहीतर केस होईल. आधी फेस्टिव्हल, मग थिएटर किंवा ओटीटी असा विचार आहे. काय करू?

अर्धवट_एडी:
केस आणि सेन्सॉर या दोन वेगळ्या भानगडी आहेत रे. थिएटरला १९५२ चा सिनेमॅटोग्राफ कायदा, सर्टिफिकेट लागणारच. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूएचे (पालकांच्या सल्ल्याने बघायचं) ७+, १३+, १६+ असे भाग झालेत, तुझं यूए १६+ किंवा ए (फक्त प्रौढांसाठी) होईल असं वाटतं. ए मिळालं तर ती फिल्म तशीच टीव्हीवर जात नाही, कट करून वेगळं सर्टिफिकेट घ्यावं लागतं, म्हणजे सॅटेलाइटचे (टीव्ही हक्कांचे) पैसे बजेटमध्ये धरले असशील तर बोंब. पण बोर्डाने सांगायच्या आधी आपणच का कापायचं? कट पटले नाहीत तर रिव्हायजिंग कमिटी आहे, पुढे थेट हायकोर्ट, कारण मधलं अपिलाचं ट्रिब्युनल २०२१ ला बंद केलं. मोठे बॅनर वकील लावतात, आपल्यासारख्यांची रिलीज डेट डोक्यावर असते म्हणून निमूट सही करतो. त्यामुळे डेट आधी जाहीर करूच नकोस.

रिळबाज:
मग ओटीटीच बरं की, तिथे सेन्सॉर नाही.

काळा_कोट:
सेन्सॉर नाही, कायदा आहे. २०२१ च्या नियमांनुसार वयाचं रेटिंग प्लॅटफॉर्मच देतो, पण आयटी ॲक्टचं कलम ६७ (अश्लील मजकूर) आणि ६७अ ऑनलाइन सगळ्यालाच लागू. ६७अ म्हणजे उघड लैंगिक कृत्य, पहिल्या गुन्ह्याला ५ वर्षांपर्यंत कैद. उघडी पाठ त्यात बसत नाही, प्रोड्यूसरला म्हणावं झोप शांतपणे. नग्नता दिसली की अश्लील असंही नाही, बॅंडिट क्वीनच्या केसमध्ये १९९६ लाच सुप्रीम कोर्टाने सीन कशासाठी आहे ते बघितलं होतं. तुम्ही लोक नको तिथे घाबरता आणि रॉ फुटेजची लिंक मात्र व्हॉट्सॲपवर फिरवता! नटीची लेखी संमती घेतली का, कुठपर्यंत दिसणार हे त्यात लिहिलंय का, ते आधी सांग.

रिळबाज:
संमती घेतलीय, पण ‘सीनला हरकत नाही’ एवढंच लिहिलंय. आणि फेस्टिव्हलला?

काळा_कोट:
मग फायनल कट दाखवून नव्याने सही घे. देशातल्या फेस्टिव्हलला सर्टिफिकेट नसलं तर माहिती-प्रसारण मंत्रालयाची सूट लागते, ती बहुतेक आयोजकच मागतात, विचारून घे.

मिक्सरवाला:
तो आवाज आत्ताच बघ. श्वासांचा आवाज कमी करून रूम टोन (खोलीतला शांत असतानाचा आवाज) वर आणला की तोच शॉट निम्मा मवाळ होतो. आणि हे अर्ज करायच्या आधी, सर्टिफिकेटनंतर काहीही बदललंस तर परत बोर्डाला कळवत बसावं लागतं.